गुळवेल : सातपुड्याचे रान आणि मेहरूणचे बांध

गुळवेल ही झाडाच्या आधाराने चढणारी, जून झाल्यावर खोड लाकडासारखे टणक होणारी बहुवर्षायू वेल आहे. भारतात आणि श्रीलंकेत उष्ण प्रदेशातल्या सखल, पानझडी रानांत ती आपोआप उगवते. वनस्पतिशास्त्रात तिचे नाव टिनोस्पोरा कॉर्डिफोलिया असून मेनिस्पर्मेसी या कुळात तिचा समावेश होतो. खानदेशात सातपुड्याच्या पायथ्याच्या सागवनापासून तापी, गिरणा आणि वाघूर या नद्यांकाठच्या काळ्या रानापर्यंत ती सर्वत्र आढळते. मात्र तिचा खरा मुक्काम रानापेक्षा शेताच्या बांधावर आणि गावकुसाच्या कडूनिंबावर आहे.

जळगाव शहराच्या हद्दीत आलेले मेहरूण हे जुने गाव अशा मुक्कामाचा चांगला नमुना आहे. मेहरूणची ओळख दोन गोष्टींमुळे आहे, एक तलाव आणि दुसरी बोरे. तलावातून पूर्वी जळगावला पाणी मिळत असे. लहान, लांबट आणि गोड बोरांच्या वाणाला तर गावाचेच नाव मिळाले आहे आणि फळशास्त्राच्या पुस्तकांत 'मेहरूण' हा वाण म्हणून नोंदला जातो. बोरीची उन्हाळ्यात कडक छाटणी होते, त्यामुळे राखलेल्या बोरीवर गुळवेल फारशी टिकत नाही. ती वाढते ती छाटणी न होणाऱ्या झाडांवर, म्हणजे बांधावरच्या निंबावर, बाभळीवर किंवा काटेरी कुंपणावर. यामागे पक्ष्यांचा मोठा वाटा आहे. गुळवेलीची फळे वाटाण्याएवढी आणि पिकल्यावर लालभडक असतात. बुलबुलासारखे पक्षी ती खातात आणि बसल्या झाडाखाली बी टाकतात. निंबोळ्या खायला येणारे पक्षीही पुष्कळदा हेच असतात. निंब आणि गुळवेल यांची जोडी अशी माणसाने न लावताच जुळते.

निंबावरची गुळवेल सर्वांत गुणकारी, हा समज खानदेशातच नव्हे तर सगळ्या महाराष्ट्रात पक्का आहे. जुने वैद्य ती मागूनच घेत. येथे एक गोष्ट स्पष्ट असावी. गुळवेल बांडगुळासारखी परजीवी नाही. तिची मुळे मातीत असतात आणि झाडाकडून ती फक्त आधार व उजेडात पोहोचण्याची वाट घेते. निंबाचा रस तिच्यात उतरतो हे म्हणणे वनस्पतीच्या रचनेशी जुळत नाही. तरीही या समजाचा एक उपयोग झाला. निंबावरची म्हणून आणलेली वेल ओळखीच्या जागेवरून, ओळखीच्या माणसाने आणलेली असे, आणि औषधी वनस्पतींच्या व्यवहारात ओळख चुकणे हाच सर्वांत मोठा धोका आहे.

ओळख पटवायची तर खोड हातात घ्यावे. जून खोडावर करड्या-तपकिरी रंगाची कागदासारखी पातळ साल असते आणि नखाने ती सहज सुटते. तिच्याखाली हिरवा, रसदार थर दिसतो. सालीवर बारीक उंचवटे असतात, त्यांतून खोडाला हवा मिळते. अंगठ्याएवढे जाड कांडे आडवे कापले की आतला छेद बैलगाडीच्या चाकासारखा दिसतो. मधून निघालेल्या आऱ्यांमध्ये लाकडाच्या पाचरी बसलेल्या असतात आणि पाचरीतली भोके नुसत्या डोळ्यांनीही दिसतात. जिभेला लावल्यावर लगेच कडू लागते आणि तो कडवटपणा रेंगाळतो. पाने हृदयाकृती आणि गुळगुळीत असतात, देठ लांब असून बुडाशी फुगीर असतो. नर आणि मादी फुले वेगवेगळ्या वेलींवर येतात. फुले इतकी बारीक आणि पिवळट-हिरवी असतात की उन्हाळ्यात वेल निष्पर्ण असताना ती येऊनही बहुतेकांच्या नजरेस पडत नाहीत.

या वेलीचा सारा इतिहास समजायला तिचा आणखी एक गुण लक्षात घ्यावा लागतो, तो म्हणजे कापूनही न मरणे. खोड जमिनीलगत तोडले तरी वर झाडावर राहिलेला भाग लगेच वाळत नाही. त्याच्या फांद्यांवरून दोऱ्यासारखी बारीक हवाई मुळे सुटतात, ती दिवसागणिक लांबत जमिनीकडे येतात आणि मातीत रुजली की वेल पुन्हा स्वतःच्या पायावर उभी राहते. तोडून फेकलेला तुकडाही ओल मिळताच फुटतो. संस्कृत ग्रंथांनी तिला छिन्नरुहा आणि अमृता ही नावे दिली, ती याच गुणामुळे.

आयुर्वेदात गुडूचीचे, म्हणजे गुळवेलीचे, स्थान फार जुने आहे. चरकसंहितेत वय टिकवणाऱ्या दहा द्रव्यांच्या गणात ती आहे. त्याच ग्रंथातल्या रसायन प्रकरणात बुद्धिवर्धक म्हणून जी चार द्रव्ये सांगितली आहेत त्यांत मंडूकपर्णी, ज्येष्ठमध आणि शंखपुष्पी यांच्या जोडीला गुळवेलीचा रस येतो. सुश्रुतसंहितेत तिच्याच नावाचा गुडूच्यादी गण आहे. सोळाव्या शतकातल्या भावप्रकाशात तर एका संपूर्ण वर्गाचे नाव गुडूच्यादी असून त्याच्या आरंभी तिची उत्पत्तिकथाही दिली आहे. रावणवधानंतर इंद्राने रणात पडलेल्या वानरांवर अमृत शिंपडले, आणि त्यांच्या अंगावरून थेंब जेथे जेथे जमिनीवर पडले तेथे तेथे ही वेल उगवली, अशी ती कथा आहे. ताप, दाह, वातरक्त, कावीळ, त्वचेचे विकार आणि दुखण्यातून उठल्यावरचा अशक्तपणा यांवर तिचा उपयोग ग्रंथांनी सांगितला. त्यांतला तापावरचा उपयोग ग्रंथांबाहेर, घराघरात पोहोचला.

युरोपियनांच्या लिखाणात ती सतराव्या शतकात शिरली. केरळात डच गव्हर्नर व्हान ऱ्हीडे याने स्थानिक वैद्यांच्या मदतीने तयार केलेल्या 'हॉर्टस मलबारिकस' या बारा खंडांच्या ग्रंथात (१६७८ ते १६९३) तिचे चित्र आणि मलयाळी नाव आले. जर्मन वनस्पतिशास्त्रज्ञ विल्डेनो याने १८०६ मध्ये तिचे शास्त्रीय वर्णन केले आणि १८५१ मध्ये जॉन मियर्स याने तिला टिनोस्पोरा या प्रजातीत आणले. १८६८ मध्ये सरकारने प्रसिद्ध केलेल्या 'फार्माकोपिया ऑफ इंडिया'त गुळवेलीला अधिकृत औषधांत जागा मिळाली. मुंबईत सरकारी औषधभांडाराचे काम पाहणाऱ्या विल्यम डिमॉक याने पश्चिम हिंदुस्थानातल्या औषधी वनस्पतींवर लिहिले आणि पुढे दोन सहकाऱ्यांबरोबर 'फार्माकोग्राफिया इंडिका' (१८९० ते १८९३) हा ग्रंथ सिद्ध केला. त्यातही देशी वैद्यांच्या व्यवहारातली गुळवेल आणि तिचे सत्त्व यांची दखल आहे. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस रसायनशास्त्रज्ञांना तिच्यात बर्बेरीन या पिवळ्या, कडू अल्कलॉइडाचा अंश सापडला. दारुहळदीतही तेच द्रव्य असते.

खानदेशात याच काळात तापाचे राज्य होते. १८१८ मध्ये पेशवाई संपून खानदेश इंग्रजांकडे आला तेव्हा जिल्ह्याचा मोठा भाग ओसाड होता. लढाया, लूट आणि १८०३-०४ चा दुष्काळ यांनी गावेच्या गावे उठली होती. सातपुड्याच्या पायथ्याशी पडक्या विहिरी, मोडकी देवळे आणि नांदत्या गावांच्या खुणा होत्या, पण तेथे पुन्हा वस्ती करणे हिवतापामुळे अवघड झाले होते. १८२५ मध्ये भिल्ल पलटण उभारली गेली आणि जेम्स औट्रॅम याने धरणगावाला तिचे ठाणे केले, त्या काळच्या नोंदींतही जंगलपट्ट्यातला ताप हा नेहमीचा विषय आहे. १८८० साली निघालेल्या खानदेश गॅझेटियरमध्ये पावसाळा संपल्यानंतरचे महिने आणि तळोदा, नवापूरसारखा पश्चिमेचा पट्टा विशेष रोगट म्हणून सांगितला आहे. बाहेरून आलेला शिपाई, कारकून किंवा कुणबी तेथे टिकत नसे. डोंगरात पिढ्यानपिढ्या राहणारे भिल्ल, पावरा आणि तडवी मात्र टिकून होते. त्यांना ताप येत नसे असे नाही. तापाबरोबर जगण्याची त्यांची रीत तयार झालेली होती, आणि त्या रीतीत कडू वेलींना जागा होती.

घरगुती कृती साधी होती. ओले कांडे ठेचून रात्रभर पाण्यात भिजवायचे आणि सकाळी गाळून ते पाणी प्यायचे, किंवा तुकडे उकळून अष्टमांश काढा करायचा. सोबत सुंठ, धने नाहीतर काडेचिराईत. गुरांना ताप आला किंवा चारा तुटला तरी पाल्यासह वेल खायला घालत. तिला कधी विकत घ्यावे लागत नसे आणि म्हणून तिचा व्यापारी हिशेबही फारसा राहिलेला नाही. बांधावरच्या औषधाचा इतिहास लिहिताना ही अडचण नेहमी येते. जे विकले गेले त्याच्या चोपड्या उरतात, आणि जे शेजारच्या बांधावरून तोडून आणले त्याची आठवण घरातल्या वयस्क बायकांबरोबर संपते.

तापावरच्या या औषधाला खरा प्रतिस्पर्धी मिळाला तो क्विनाइनच्या रूपाने. १८९२ मध्ये बंगालमध्ये टपाल कचेऱ्यांतून क्विनाइनच्या पैशाला एक अशा पुड्या मिळू लागल्या आणि ही पद्धत पुढे इतर प्रांतांतही गेली. १८९७ मध्ये सिकंदराबादला रोनाल्ड रॉस याने डासाच्या पोटात हिवतापाचे परजीवी पाहिले आणि रोग डासांमार्फत पसरतो याचा पुरावा मिळाला. क्विनाइन त्या परजीवीवर थेट घाव घालते. गुळवेलीबद्दल तसे म्हणता येत नाही. तापाचा दाह, मळमळ, तोंडाची गेलेली चव आणि नंतरची कमजोरी यांवर तिचा अनुभव लोकांना होता, पण थंडी वाजून येणाऱ्या हिवतापाची पाळी तोडण्यात क्विनाइन सरस ठरले, आणि ज्याच्या घरात रुग्ण तडफडत होता त्याने ते घेतले हे योग्यच झाले. दुसऱ्या महायुद्धात १९४२ मध्ये जावा बेट जपानच्या ताब्यात गेले आणि जगाचा क्विनाइनचा मुख्य पुरवठा तुटला, तेव्हा देशी कडू औषधांकडे पुन्हा लक्ष गेले. १९५३ मध्ये राष्ट्रीय हिवताप नियंत्रण कार्यक्रम सुरू होऊन गावोगाव डीडीटीची फवारणी झाली, त्यानंतर सातपुड्याच्या पायथ्याची वस्ती वाढली आणि गुळवेलीचे तापाशी असलेले रोजचे नाते सैल झाले.

रानात मात्र एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धापासून तिच्यावर वेगळे संकट होते. १८६५ आणि १८७८ च्या वनकायद्यांनी खानदेशातली जंगले राखीव झाली आणि वनखात्याच्या दृष्टीने रान म्हणजे मुख्यतः साग ठरला. सागाच्या सरळ खोडाला विळखा घालणारी, शेंड्यावर पसरून त्याचा उजेड अडवणारी प्रत्येक वेल नुकसानीची मानली गेली. कार्ययोजनांमध्ये वेली तोडणे हे एक नेमाने करायचे काम झाले. मजूर कोयते घेऊन कूप, म्हणजे तोडीसाठी आखलेले वनभाग, फिरत आणि पळसवेल, मालकांगोणी, चिल्हार, गुळवेल यांचे बुंधे जमिनीलगत तोडत. पळसवेलीचे खोड मांडीएवढे होते आणि झाड वाकवते, तिच्याबद्दलची तक्रार समजण्यासारखी होती. गुळवेल त्या मानाने हलकी, तरी कोयत्याला भेद नव्हता. पळसवेल एकदा तोडली की पुन्हा उंच चढायला तिला वर्षे लागत. गुळवेल मात्र वरून मुळे सोडून परत जमीन गाठत असे. जी वेल आदिवासी तोडून घरी नेई तीच सरकारी मजूर म्हणूनही त्याला तोडून टाकावी लागे, ही त्या काळाची विसंगती कोठल्याही कार्ययोजनेत लिहिलेली नाही.

शहरात आणि पेठेत गुळवेलीचा व्यवहार दोन रूपांत चालत असे. काष्ठौषधींच्या दुकानात सुके तुकडे मिळत आणि त्याहून कितीतरी महाग दराने गुळवेल सत्त्व मिळे. सत्त्व काढण्याची कृती कष्टाची आहे. अंगठ्याएवढी जाड, पोक्त वेल घेऊन वरची कागदी साल खरवडून काढतात. बोटभर लांबीचे तुकडे करून ते दगडावर ठेचतात आणि पसरट भांड्यात पाण्यात रात्रभर बुडवून ठेवतात. दुसऱ्या दिवशी तंतू हाताने चोळून चोळून पिळून काढतात. पाणी दुधट आणि फेसाळ होते, ते फडक्यातून गाळून न हलवता ठेवतात. काही तासांनी तळाशी पांढरट गाळ बसतो. वरचे पाणी हलक्या हाताने ओतून देतात, गाळ पुन्हा धुतात आणि सावलीत वाळवतात. हे मुख्यतः स्टार्च असते, त्याला कडूपणाचा पुसट अंश राहतो. किलोभर ओल्या वेलीतून मूठभरही सत्त्व निघत नाही. त्यामुळे भेसळ ही या व्यवहाराची जुनी खोड आहे, आणि बटाट्याचे किंवा आरारूटचे पीठ सत्त्व म्हणून खपवले जाते. फार शुभ्र आणि अजिबात कडू न लागणारे सत्त्व अनुभवी वैद्य परत करतात. बहुतेक कडू द्रव्ये ओतून दिलेल्या पाण्यातच जातात, हेही येथे सांगितले पाहिजे. काढा आणि सत्त्व ही म्हणूनच दोन वेगळी औषधे आहेत.

मराठीत या ज्ञानाला छापील रूप मिळाले ते एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीपासून. शंकर दाजीशास्त्री पदे (१८६७ ते १९०९) यांचे 'आर्यभिषक्' हे पुस्तक आणि 'वनौषधी गुणादर्श' हा ग्रंथ यांनी गावोगावच्या वाचकांपर्यंत वनस्पतींची माहिती नेली. पदे यांच्याच पुढाकाराने १९०७ मध्ये नाशिकला आयुर्वेद महासंमेलनाची पहिली सभा भरली. नाशिक खानदेशाला लागून असल्याने तिचा परिणाम धुळे-जळगावच्या वैद्यांवर होणे साहजिक होते. डॉ. वामन गणेश देसाई यांच्या १९२७ सालच्या 'औषधीसंग्रह' या ग्रंथाने जुने गुणधर्म आणि नवे रसायन एकत्र मांडले. कर्नल रामनाथ चोप्रा यांनी १९३३ मध्ये देशी औषधांवरचा आपला ग्रंथ काढून प्रयोगशाळेची कसोटी पुढे आणली. स्वातंत्र्यानंतर भारतीय आयुर्वेदीय औषधकोशाच्या पहिल्याच खंडात गुडूचीचा समावेश झाला. औषध म्हणून पोक्त खोडाचे सुके तुकडे घ्यावेत आणि ते उन्हाळ्यात, शक्यतो मे महिन्यात गोळा करावेत, अशी नोंद तेथे आहे. खानदेशातल्या वेलीला मे महिन्यात पान नसते आणि सगळा साठा खोडात असतो, त्यामुळे ही सूचना शेतकऱ्याच्या अनुभवाशी जुळते. दरम्यान खानदेशातल्या वनस्पतींची शास्त्रीय नोंदही झाली. धुळे आणि नंदुरबार जिल्ह्यांचा वनस्पतिकोश २००३ मध्ये आणि जळगाव जिल्ह्याचा २००८ मध्ये प्रसिद्ध झाला. दोन्ही कामांत डॉ. डी. ए. पाटील यांचा सहभाग आहे.

विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात गुळवेलीला एक नवा विरोधक मिळाला, तो म्हणजे फळबागाईतदार. जामनेर, पाचोरा, भडगाव या तालुक्यांत मोसंबीच्या बागा वाढल्या आणि त्यांच्यामागे रस शोषणारे पतंग आले. फळांवरच्या बहुतेक किडींमध्ये नुकसान अळी करते आणि पतंग निरुपद्रवी असतो. येथे ते उलट आहे. युडोसिमा प्रजातीचा हा पतंग चांगला मोठा असतो. त्याचे पुढचे पंख वाळल्या पानाच्या रंगाचे असतात, मागचे नारिंगी असून त्यांवर काळे ठिपके व पट्टे असतात. त्याची सोंड टोकाला कठीण आणि काटेरी असते. अंधार पडल्यावर तो बागेत येतो, पिकू लागलेल्या फळाच्या सालीत सोंड खुपसतो आणि रस ओढून घेतो. सालीवर टाचणीने टोचल्याएवढे छिद्र उरते. त्यातून बुरशी शिरते, भोवती तपकिरी गोल डाग पडतो आणि फळ गळते. सकाळी झाडाखाली पडलेला सडा दिसतो, पण चोर दिसत नाही. आंबे बहाराची फळे पावसाळ्याच्या अखेरीस पक्व होतात तेव्हा हा उपद्रव सर्वाधिक असतो.

या पतंगाची अळी मोसंबीचे पान खात नाही. ती वाढते गुळवेलीवर आणि वसनवेलीवर, म्हणजे मेनिस्पर्मेसी कुळातल्याच वेलींवर. मादी तेथेच अंडी घालते, मखमली अंगाची काळपट अळी त्या कडू पानांवर पोसते आणि पानांच्या गुंडाळीतच कोषात जाते. हे कळल्यावर कृषी विद्यापीठांच्या शिफारशींत बागेच्या आसपासच्या गुळवेल आणि वसनवेल काढून नष्ट कराव्यात, हे वाक्य आले आणि आजही ते आहे. त्याच्या जोडीला गळलेली फळे गोळा करून पुरणे, सायंकाळी बागेत धूर करणे, गूळ घातलेले विषारी आमिष ठेवणे हे उपाय सांगितले जातात. बागाईतदारांनी ते केले. ज्या बांधावरून आजोबांनी काढ्यासाठी वेल आणली त्याच बांधावरून नातवाने ती मुळासकट उपटली. दोघांचेही कारण खरे होते. एवढेच म्हणता येईल की, पतंग रात्री दूरवर उडत येतात आणि रानातल्या वेली कोणी संपवू शकत नाही, म्हणून नुसत्या बांधावरच्या तोडीने प्रश्न मिटत नाही, तो कमी होतो.

या कुळाच्या कडूपणाचा पल्ला किती मोठा आहे हे दक्षिण अमेरिकेतल्या एका वेलीवरून दिसते. ॲमेझॉनच्या सखल वर्षावनात काँड्रोडेंड्रॉन टोमेंटोसम ही याच कुळातली दणकट वेल वाढते. तेथले शिकारी तिच्या सालीपासून क्युरारे हे बाणाचे विष करत. त्याने प्राण्याचे स्नायू लुळे पडतात. १९३५ मध्ये हॅरॉल्ड किंग याने त्यातून ट्युबोक्युरारीन वेगळे केले आणि जानेवारी १९४२ मध्ये माँट्रियल येथे ग्रिफिथ आणि जॉन्सन यांनी शस्त्रक्रियेत स्नायू सैल करण्यासाठी क्युरारे वापरले. आधुनिक भूलशास्त्राला तेथून नवी दिशा मिळाली. एकाच कुळात विषही आहे आणि औषधही, म्हणून त्यातल्या एका वेलीऐवजी दुसरी हाती येणे ही किरकोळ चूक ठरत नाही.

२०२० च्या साथीत हा मुद्दा एकदम ऐरणीवर आला. आयुष मंत्रालयाने ऑक्टोबर २०२० मध्ये कोविडसाठी जाहीर केलेल्या आयुर्वेद-योग मार्गदर्शनात गुडूची घनवटीचा समावेश होता. शहरांत गुळवेलीच्या कांड्यांना अचानक मागणी आली. ठाणे जिल्ह्यातल्या शहापूर येथे कातकरी तरुणांच्या संस्थेने वनधन योजनेतून गुळवेल गोळा करून विकण्याचे काम उभे केले आणि २०२१ पर्यंत त्यांना मोठ्या कंपन्यांकडून सुमारे दीड कोटी रुपयांच्या मागण्या मिळाल्या. २००६ च्या वनहक्क कायद्याने गौण वनोपज गोळा करण्याचा आणि विकण्याचा हक्क दिल्यानंतर अशा कामाला कायद्याचा आधार आला होता. बांधावरच्या फुकट वेलीची चोपडी अशा रीतीने प्रथमच नीट लिहिली गेली.

त्याच वेळी दुसरी बाजू पुढे आली. सप्टेंबर ते डिसेंबर २०२० या काळात मुंबईतल्या डॉक्टरांकडे यकृताला इजा झालेले सहा रुग्ण आले. सर्वांनी गुळवेल घेतली होती, आणि हा अहवाल २०२१ मध्ये प्रसिद्ध झाला. पुढच्या वर्षी देशातल्या १३ केंद्रांनी मिळून अशा ४३ रुग्णांची माहिती छापली. त्यांतल्या बऱ्याच जणांना आधीपासून प्रतिकारशक्तीशी संबंधित आजार होते. आयुष मंत्रालयाने पहिल्या अहवालावर आक्षेप घेतला की रुग्णांनी घेतलेली वेल नेमकी कोणती होती हे तपासलेले नाही, आणि टिनोस्पोरा क्रिस्पा ही तिची विषारी बहीण गुळवेल म्हणून घेतली गेली असू शकते. क्रिस्पाच्या खोडावरचे उंचवटे खूप मोठे आणि चामखिळीसारखे ठळक असतात, तरी सुक्या तुकड्यांत किंवा चूर्णात ही खूण राहत नाही. वादाचा निकाल काहीही लागो, महिनोन्महिने रोज पेलाभर काढा पिण्याची सवय ही गावातली नव्हती. गावात वेल तापापुरती तोडली जाई आणि ताप उतरला की काढा थांबे.

मागणी वाढल्यावर तोडीची रीत बदलली, हे रानाच्या दृष्टीने अधिक महत्त्वाचे आहे. घरासाठी तोडणारा जाड फांदीतून हातभर कांडे काढून घेतो आणि बाकी वेल झाडावर राहू देतो. वजनावर विकणारा बुंध्यापासून शेंड्यापर्यंत सगळी ओढून घेतो, आणि मग हवाई मुळे सोडायला वर काही शिल्लक राहत नाही. तोडूनही जगण्याच्या गुणाला येथे मर्यादा पडते. म्हणून गोळा करणाऱ्यांना आता खालचा फूटभर बुंधा राखावा, कोवळी वेल सोडावी आणि एकाच झाडावरून लागोपाठ तोड करू नये असे शिकवले जाते. १९६९ पासून अभयारण्य असलेल्या यावलच्या रानात व्यापारासाठी वनस्पती तोडण्यावर निर्बंध आहेत, तेव्हा पुरवठ्याचा भार मुख्यतः बांधांवर आणि लागवडीवरच येतो.

लागवड अवघड नाही. पेन्सिलीपेक्षा जाड, दोन-तीन डोळे असलेला पोक्त खोडाचा तुकडा पावसाळ्याच्या तोंडावर पिशवीत किंवा थेट निंबाच्या आळ्यात खोचला की काही आठवड्यांत फुटतो. बियांपेक्षा तुकड्यांपासूनची रोपे लवकर वाढतात आणि मूळ वेलीचा गुण टिकवतात. मेहरूणसारख्या बोरीच्या आणि निंबाच्या परिसरात तिला वेगळा मांडवही लागत नाही. मोसंबीच्या पट्ट्यात मात्र जागा निवडताना बागेपासूनचे अंतर पाहावे लागते आणि वेलीवरच्या अळ्या पावसाळ्यात वेचून नष्ट कराव्या लागतात, कारण औषधासाठी लावलेली प्रत्येक गुळवेल त्या पतंगाचेही घर असते.